बिडीच्या तबकाचा सवाल

साहेब, तुम्ही खोटं बोललात. भर बैठकीत, एका लहान पोरीच्या तोंडावर खोटं बोललात. मी ऐकलं, कारण तेव्हा मी तुमच्या पुढ्यातच होतं.

मित्रांनो, मी एक जुनं पितळी तबक आहे. भंडाऱ्याच्या एका कारागिरानं मला ठोकून ठोकून घडवलं आणि कुंताबाईंच्या आंदणात मी सानगडीजवळच्या एका खेड्यात आलं. पाहुणा आला की माझ्यात बिडीचा कट्टा, आगपेटी आणि सुपारी ठेवायची, घरातल्या लेकरानं मला बैठकीत फिरवायचं, हे माझं काम. सोयरीक जुळो की भांडण मिटो, मी फिरलं नाही तर पाहुण्याचा मान राहिला नाही असं समजत. आणि बिडी ओढायला त्याला बाहेर पाठवणं म्हणजे हाकलून देणंच. म्हणून सगळे आतच ओढत. लोक माझी चकाकी वाखाणत, मी फुगून जायचं.

कुंताबाईंनी जन्मात बिडीला हात लावला नाही. तरी त्यांची फुप्फुसं गेली. डॉक्टरांनी "बिडी ओढता का?" असं विचारलं, तेव्हा त्यांना शिवी दिल्यासारखं लागलं. नवऱ्याचा, लक्ष्मणरावांचा, आणि पाहुण्यांचा धूर त्यांनी उभा जन्म गिळला होता. त्या खोकत खोकत गेल्या.

मग त्यांच्या नातीची, टीनाची, छाती वाजू लागली. दमा. साकोलीच्या डॉक्टरांनी बजावलं, घरात धूर नको. आजोबा लक्ष्मणरावांनी त्याच दिवशी आपला कट्टा शेणाच्या खड्ड्यात फेकला. मला मात्र फेकलं नाही. "मी सोडली, पण पाहुण्याले सोड कसं म्हणू?" असं त्यांचं म्हणणं. आपली बिडी गेली म्हणजे घरातला धूर गेला, असं त्या भल्या माणसाला वाटलं.

आणि साहेब, गेल्या थंडीत तुम्ही तालुक्याचे अधिकारी म्हणून गावात आलात. ग्रामपंचायतीवर 'तंबाखूमुक्त गाव' असा बोर्ड लावला, फोटो काढले आणि चहाला लक्ष्मणरावांकडे बसलात. दारं लावलेली, बैठक भरलेली. टीना मला घेऊन तुमच्यापुढे आली. तेव्हा लक्ष्मणरावांनी हात जोडून विचारलं, "साहेब, नातीले दमा हाय. डॉक्टर म्हणते दुसऱ्याचा धूरबी लागते. खरं हाय का जी?"

सगळ्यांचे हात थांबले. तुमच्या एका 'हो'नं मी तिथूनच परत गेलं असतं.

तुम्ही हसलात. "डॉक्टर लोक भेव दाखवते, काका. एक खिडकी उघडून द्या, झालं." आणि माझ्यातली बिडी उचललीत. साहेबानं उचलली म्हटल्यावर मग कोण थांबतो?

खिडकी उघडलीही, मित्रांनो. तरी टीनाचे ओठ निळे पडले. तिच्या बापानं, हेमराजनं, तिला मोटरसायकलवर साकोलीला नेलं. तिला ऑक्सिजन लावावा लागला. डॉक्टर चिडून म्हणाले: खिडकीनं धूर जात नाही, तो गोधडीत, कपड्यांत मुरतो. लेकरं भरभर श्वास घेतात, म्हणून त्यांच्या छातीत जास्त जातो. ओढणाऱ्याला कॅन्सर आणि हृदयाचा रोग देणारं तेच विष शेजारी बसलेल्यालाही मिळतं.

टीनाची आई कामिनी सासऱ्यांना कधी उलटून बोलली नव्हती. त्या दिवशी बोलली. "मामाजी, हे तबक पुन्हा बैठकीत दिसलं त मी पोरीले घेऊन माहेरी जाईन." आणि मला गोठ्यात भिरकावलं. तिथं मी काळं पडलं. खरं सांगतं, बरं वाटलं.

पण काल निरोप आला. साहेब पुन्हा येताहेत, तंबाखूमुक्त गावाचा सत्कार करायला. लक्ष्मणरावांनी मला गोठ्यातून काढलं आणि चिंचेनं घासायला बसले. माझ्यात काय ठेवायचं, हे त्यांचं त्यांनाच ठरवता येत नव्हतं. शेजारी बसून टीना बघत होती. तिनं हळूच विचारलं, "आबाजी, साहेब आले त मले भायेर बसा लागन का?"

त्यांनी मला अर्धवट घासलेलंच खाली ठेवलं.

मित्रांनो, तुमच्याही घरात माझ्यासारखं काही फिरत असेल तर त्यात गूळ-शेंगदाणे ठेवा, धूर ठेवू नका. मान गुळानंही राहतो.

आणि साहेब, तुम्हाला सोडत नाही. टीनाच्या त्या प्रश्नाचं उत्तर तुम्ही द्या, त्याच बैठकीत, सगळ्यांसमोर. या थंडीत बाहेर कोण बसणार? टीना, की तुम्ही?