लांगेनांची थडगी

“त्या थडग्यांना चुना कोण लावतं?” समोरच्या वकिलाने विचारलं.

“मीच लावते,” इथेलिन मोडेस्ट म्हणाली. “आधी बाबा लावायचे. ते गेल्यापासून मी.”

“दरवर्षी?”

“मेलेल्यांच्या सणाला लावायला नको? मेणबत्त्याही लावते.”

तिच्या वकिलाने, कादोरने, डोळेच मिटून घेतले. सकाळी कोर्टाच्या पायऱ्यांवर त्याने तिला बजावून सांगितलं होतं, “मिस इथेलिन, थडग्यांचं काही विचारलं तर आठवत नाही म्हणा. वय झालंय तुमचं, कोणी खोटं म्हणणार नाही.” पण बायबलवर हात ठेवून आठवत नाही कसं म्हणायचं? गेल्याच नोव्हेंबरात चुन्याने तिची बोटं सोलून निघाली होती.

भांडण होतं जायफळाच्या बागेचं. फीलिक्स लांगेनने ती इथेलिनच्या बापाला विकली, तेव्हा ती परकरातली पोर होती. खरेदीखत झालं, सह्या झाल्या, शेजाऱ्यांना रम पाजून झाली. पण बाग होती घराण्याची, सगळ्या भावंडांची, आणि ती एकट्याला विकता येत नाही हे ग्रेनाडा बेटावर शेंबड्या पोरालाही ठाऊक. “बहीण त्रिनिदादला नांदतेय, ती काय बोलणार?” म्हणाला फीलिक्स. बापाने विश्वास ठेवला. बहीण खरोखरच जन्मात काही बोलली नाही. बोलला तो तिचा नातू ऑल्बन, तोही सगळी म्हातारी माणसं मातीत गेल्यावर, न्यूयॉर्कहून येऊन.

“खत लंगडं आहे,” कादोरने आधीच सांगितलं होतं. “पण तुम्ही इतकी वर्षं मालक म्हणून राहिलात, त्यावर आपण जिंकू. मालक म्हणून, बरं का. राखणदार म्हणून नव्हे.”

“बागेतली ती थडगी कुणाची आहेत?” समोरचा वकील पुढे सरकला.

“लांगेनांची.”

“तुमचं कुणी आहे तिथं?”

“नाही.”

“वडिलांना कुठं पुरलंत?”

“चर्चच्या आवारात.”

“स्वतःची जमीन असताना? आपल्याकडे तर माणसं आपल्याच मातीत पुरतात.”

“बाबाच म्हणाले होते. तिथं आधीच माणसं निजलीत, त्यांच्यात आपली अडगळ नको.”

“म्हणजे ती जमीन त्यांची, हे वडिलांना मान्य होतं.”

“तसं नव्हे हो. बाबा म्हणायचे, जमीन घेतली की तिच्यातली माणसंही पदरात आली. त्यांचं करायला मागं कोण उरलंय?”

“एवढंच विचारायचं होतं,” वकील म्हणाला आणि बसला.

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. इथेलिनला राग आला नाही, नुसता थकवा आला. तीन वर्षं तारखांना येऊन तिचे गुडघे गेले होते. आज काय ते होऊन जाऊ दे, एवढंच तिला वाटत होतं.

दुपारी न्यायाधीश बाईंनी निकाल वाचला. खरेदीखत ग्राह्य नाही. ताबा आहे, पण थडगी सांभाळणं, आपला मुडदा तिथे न पुरणं, यावरून तो ताबा मालकाचा दिसत नाही, सांभाळणाऱ्याचा दिसतो. नाताळापर्यंत बागेतलं घर रिकामं करावं. वाचताना बाईंनी एकदा चष्मा काढून इथेलिनकडे पाहिलं आणि पुन्हा घातला.

“एक वाक्य गिळलं असतंत तर,” कादोर कागद आवरत म्हणाला.

“गिळून कुठं जिरलं असतं ते?”

व्हरांड्यात ऑल्बन तिची वाट बघत उभा होता. चांगला उंच, सूट घातलेला, तोंड मात्र पडलेलं.

“आंटी, चुन्याचं कुणालाच ठाऊक नव्हतं. वकिलाने नुसता खडा टाकून पाहिला. तुम्ही नाही म्हणाला असतात तर आमच्याकडे दुसरं काही नव्हतं.”

“माहीत होतं मला.”

“मग का बोललात?”

“तुझ्या पणजीला मी चाळीस वर्षं मेणबत्ती लावली, पोरा. नाही लावली म्हणून कसं सांगू? तिला काय वाटेल?”

ऑल्बनने मान खाली घातली. त्याची समजूत घालायचं त्राण तिच्यात नव्हतं. ती जिना उतरून बसथांब्यावर गेली.

बस रॉलची होती. वीस वर्षं तो त्याच रस्त्यावर चालवत होता. त्याने तिच्यासाठी पुढची सीट रिकामी करवली, गाण्याचा आवाजही कमी केला. निकालाचं विचारलं नाही. तोंडावरूनच कळलं असणार.

“उतरायचं मोडेस्टच्या वळणावरच ना, मिस इथेलिन?”

“लांगेनचं वळण म्हण आता.”

“लांगेनचं? ते कुठं आलं?” रॉलने खरंच विचारलं. गावात हे नाव त्याने कधी ऐकलं नव्हतं.

इथेलिनने पर्स मांडीवर घेतली, खिडकीची काच थोडी खाली केली.

“तू चालव,” ती म्हणाली. “आलं की मी सांगते.”