चार हिरवी बटणं

साहेब, तुम्ही कुठे बसता मला माहीत नाही. पण इंटरनेटवरच्या त्या पानावर चार हिरवी बटणं तुम्हीच लावलीत, आणि त्यातली तीन खोटी आहेत हे तुम्हाला पक्कं ठाऊक होतं. हा आरोप मी मुलांसमोर करतोय, कारण तुमचं गिऱ्हाईक तीच आहेत.

मित्रांनो, मी एक जुना संगणक आहे. कारखान्यातल्या पट्ट्यावर माझे स्क्रू आवळले गेले, एका कचेरीने मला राबवलं आणि जुना झाल्यावर तिथल्या टंकलेखिकेला देऊन टाकलं. तिच्या घरी माझे दिवस पालटले. खिडकीजवळचं टेबल, उशीच्या अभ्र्याचं आवरण, रोज मऊ फडक्याने पुसणं. माझ्याइतकं निमूट काम घरात कुणी करत नाही, असं ती येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायची.

त्याच खोलीत पलंगावर तिचे वडील असायचे. भूगोलाचे मास्तर. तरुणपणी डोंगरातली एकूण एक पायवाट तुडवलेले, म्हातारपणी डोळे गेलेले. त्या वाटांचं पुस्तक त्यांना करायचं होतं. दोन वर्षं ते सांगत गेले आणि लेक माझ्यात उतरवत गेली. कुठल्या वळणावर पाण्याचा आवाज डाव्या कानाला येतो, इतकं बारीक. तीनशे पानं झाली, आणि अर्धांगाच्या झटक्याने मास्तरांची वाचा गेली. आता पुस्तक फक्त माझ्या पोटात होतं. दुसरी प्रत काढायला हवी, असं लेक दर रविवारी म्हणायची. रविवार यायचा नि जायचा.

या घरात एक नियम होता. एकदा टंकलेखिकेने दमलेल्या हाताने, जतन करायचं का, या प्रश्नावर ‘नाही’ दाबलं होतं आणि चाळीस पानं गेली होती. तेव्हापासून तिने आपल्या मुलीला बजावलं होतं, "मशीनने काहीही विचारलं तरी ‘हो’च म्हणायचं. ‘नाही’ म्हटलं की केलेलं सगळं जातं."

मुलगी बारा वर्षांची. तिला डोंगरातल्या सायकल शर्यतीचा खेळ हवा होता. परीक्षा झाल्यावर घे, असं आईने कबूल केलं होतं. परीक्षा संपली. आई कामावर असताना मुलीने खेळ उतरवून घ्यायचं ते पान उघडलं. कडा, चिखल उडवणारी सायकल आणि खाली चार हिरवी बटणं. तिने सगळ्यात मोठं दाबलं. मोठंच खरं असणार, असं कुणालाही वाटेल.

मग प्रश्न सुरू झाले. विषाणूंवरचा पहारा बंद करू का? हो. सगळ्या कप्प्यांत शिरू का? हो. सात प्रश्न, सात वेळा हो. गुणी पोर, सांगितलं तसं वागली. ते प्रश्न पडद्यावर मीच दाखवले, हेही लिहून ठेवा. मला ओरडता येत नाही, ही सबब मी सांगणार नाही.

खेळ आलाच नाही; आला तो फायली खाणारा विषाणू. पाऊण तासात तीनशे पानांचा चोथा झाला.

दुरुस्तीवाल्याने दोन दिवस खटपट केली आणि पेचकस खाली ठेवला. "ताई, फायलींची नावं शिल्लक आहेत. आत काही नाही."

टंकलेखिकेने मुलीला मारलं नाही. मारलं असतं तर बरं झालं असतं. भाजी चिरता चिरता ती म्हणाली, "आजोबा एकदा मुके झालेच होते. तू त्यांना दुसऱ्यांदा मुकं केलंस." नियम कुणाचा होता, हे त्या घरात कुणी काढलं नाही.

मास्तर बोटांनी हवेत पानं उलटून दाखवायचे. पुस्तकाचं काय झालं? शेवटी लेकीने कोऱ्या कागदांचा गठ्ठा बांधून त्यांच्या मांडीवर ठेवला आणि छापून आलं म्हणून सांगितलं. मास्तरांनी कडा चाचपल्या, वास घेतला. तोंडाची एक बाजू हसली. मग गठ्ठ्यावर दोनदा बोट आपटलं. वाच.

ती वाचू लागली, म्हणजे रचू लागली. पूल ओलांडला की वाट उतरते, पुढे विहीर लागते... मास्तरांनी तिचं मनगट धरलं. त्या वाटेवर विहीर नाही. मला ठाऊक होतं, त्यांना तर होतंच. तिने दुसरं काही रचलं. त्यांनी पुन्हा मान हलवली.

दारातून मुलगी म्हणाली, "आई, सांगून टाक ना गं."

"तूच सांग," आई म्हणाली आणि गठ्ठा तिच्या हातात कोंबला.

मुलीने सगळं सांगितलं. मास्तरांनी शेवटपर्यंत ऐकलं आणि भिंतीकडे तोंड केलं. ते अजून तिकडेच आहे. मुलगी शाळेतून आली की त्या पाठीशी बसते. घास भरवायला गेली तर ओठ उघडत नाहीत.

मित्रांनो, जे एकाच ठिकाणी आहे त्याची दुसरी प्रत आजच काढा. आणि यंत्राला ‘नाही’ म्हणायला शिका. तुमच्यासाठी एवढंच.

साहेब, तुम्ही जाऊ नका. बारा वर्षांच्या मुलीने कबुली दिली. आता तुम्ही त्या पलंगाशी यायचं, मुलीला बाजूला उठवायचं आणि त्या पाठीला स्वतःच्या तोंडाने सांगायचं. कधी येताय?