उपकाराचा खोकला

पाहुणा म्हणून आलेला खोकला त्या घरात घरजावई होऊन बसला होता. सकाळी दादा उठायच्या आधी तो उठलेला असे. जेवताना दोन घासांच्या मध्ये येई, आणि जिना चढताना दादाला मधल्या पायरीवर बसवून मगच पुढे सोडी. घरात नणंद डॉक्टर आणि नवऱ्याचा साधा खोकला जात नाही, याला दिव्याखाली अंधार नाही तर काय म्हणायचं, असं वहिनी येईल त्याला ऐकवायची.

नणंद, म्हणजे दादाची धाकटी बहीण, गावातल्या प्रतिष्ठानच्या दवाखान्यात डॉक्टर होती. तिनं भावाला औषधं दिली, वाफ घ्यायला लावली, उशी बदलायला लावली. कशाचाच उपयोग होईना, तेव्हा दवाखान्यात खोकणाऱ्या प्रत्येकाला विचारतात तोच प्रश्न तिनं त्यालाही विचारला.

"दादा, खरं सांग. लपून सिगारेट ओढतोस का?"

दादानं जन्मात सिगारेटला हात लावला नव्हता. पण वहिनीच्या मनात संशयाचा किडा शिरला तो शिरलाच. ती रोज त्याच्या शर्टाचे खिसे हुंगू लागली. खिशात सिगारेट कधी सापडली नाही. सापडायची ती फक्त दगडाची पांढरी पूड. ती पूड ती खिडकीबाहेर झटकायची आणि पुन्हा सिगारेट शोधायला लागायची. आणि घरातल्या डॉक्टरलाही त्यात काही वावगं दिसलं नाही.

दादा फरशीच्या कारखान्यात, दगड कापायच्या शेडमध्ये कामाला होता. कारखाना थोरल्या मालकांनी काढला आणि प्रतिष्ठानही त्यांनीच. शाळा प्रतिष्ठानची, वाचनालय प्रतिष्ठानचं, दवाखाना तर होताच. बागेतल्या बाकांच्या पाठीवरसुद्धा प्रतिष्ठानचं नाव लोखंडात ओतलेलं होतं, आणि जरा वेळ टेकून बसलं की ते पाठीला टोचायचं. वडील अकाली गेले तेव्हा दादानं शाळा सोडून शेड धरली आणि बहिणीचं सगळं शिक्षण प्रतिष्ठाननं केलं. त्या उपकारानं दादा कमरेत वाकला होता. दगड कापताना चाकावर पाणी सोडलं की धूळ खाली बसते, पण काम हळू होतं. म्हणून काही वर्षांपूर्वी शेडमधलं पाणी बंद झालं. इतर कामगार कुरकुरले, पण दादानंच त्यांना गप्प केलं. खाल्ल्या मिठाला जागावं, असं म्हणाला आणि नाकाला रुमाल बांधून कामाला लागला.

अशात एकदा आत्या राहायला आली. आत्या म्हणजे वडिलांची थोरली बहीण. शाळेत इतिहास शिकवून निवृत्त झालेली, आणि स्वभावानं पक्की संशयी. दुकानदार हसून बोलला की ती आधी वजनकाट्याकडे बघायची. वहिनीनं तिला सिगारेटचं गाऱ्हाणं सांगितलं. आत्यानं ते ऐकून घेतलं आणि भाचीकडे वळून विचारलं, की खोकणाऱ्या माणसाला तुम्ही तो काम काय करतो हे विचारता की नाही?

डॉक्टरीणबाई हसल्या. सगळं गाव एकाच कारखान्यात कामाला, मग विचारायचं काय! दवाखान्यात तो प्रश्न कुणी कधी विचारतच नसे. तिथल्या मोठ्या डॉक्टरांनी त्यांना रुजू झाल्यावर जे शिकवलं त्यात सिगारेट होती, खाणंपिणं होतं, आईवडिलांचे आजार होते. काम नव्हतं.

"माहीत असणं वेगळं आणि विचारणं वेगळं," आत्या म्हणाली. "विचारलं की उत्तर कानावर पडतं. कानावर पडलं की त्याचं काहीतरी करावं लागतं."

डॉक्टरीणबाईंना राग आला. प्रतिष्ठान नसतं तर मी आज कुठे असते, असं त्या तावातावानं म्हणाल्या. आत्या शांतपणे म्हणाली, ते मी नाकारत नाही. पैसेवाल्यांनी विहिरी खोदल्या, दवाखाने बांधले, त्यावर असंख्य माणसं जगली. पुढे दानाचंही कार्यालय झालं, विश्वस्त आले, देणारा गेला तरी दान चालू राहील अशी घडी बसली. त्यातून चांगली कामं झाली, रोग हटले, पोरी शिकल्या.

"पण एक गोष्ट इतिहासात पुन्हा पुन्हा दिसते गं. कुठल्या दुखण्याला पैसे द्यायचे ते देणारा ठरवतो. मग हळूहळू कुठल्या दुखण्याबद्दल बोलायचं, तेही तोच ठरवतो. आणि त्याला तोंड उघडावंसुद्धा लागत नाही. आपणच अळीमिळी गुपचिळी करून बसतो."

बोलणं तिथेच थांबलं, पण डॉक्टरीणबाईंच्या मनातून ते जाईना. दुसऱ्या दिवशी त्यांनी पहिल्याच पेशंटला विचारलं, कुठल्या खात्यात कामाला आहात? तो म्हणाला, शेडमध्ये. नंतरचाही शेडमधला. कारखान्याच्या कचेरीतले कारकून धुराड्यासारखे धूर सोडत, पण त्यांच्यात असा खोकला क्वचित दिसे. त्यांनी दादाला बोलावून त्याच्या छातीचा एक्स-रे काढला. काढला आणि उजेडासमोर धरला. फुफ्फुसांत दगड साठला होता. सख्ख्या भावाच्या! आणि त्या त्याला सिगारेट विचारत होत्या!

मोठ्या डॉक्टरांनी एक्स-रे पाहिला आणि चष्मा पुसला. माणूस वाईट नव्हता. रात्री-अपरात्री कुणाच्याही घरी जाणारा होता. कामाचा प्रश्न विचारू नका असा हुकूम तुम्हाला कुणी दिला होता का, असं डॉक्टरीणबाईंनी विचारलं. कुणीच नाही, असं ते म्हणाले, आणि ते खरं होतं. हुकमाची गरजच पडली नव्हती.

"धर्माच्या गाईचे दात मोजू नयेत, बाई," ते हळूच म्हणाले. "दवाखाना बंद झाला तर या लोकांना औषध कोण देणार?"

गावात भिंतींनाही कान असतात. दोन दिवसांत धाकट्या मालकांचं बोलावणं आलं. आता प्रतिष्ठानचे मुख्य विश्वस्त तेच होते. आपल्याला खडसावतील अशा तयारीनं डॉक्टरीणबाई गेल्या, तर त्यांनी उठून खुर्ची दिली, एक्स-रे पाहून हळहळ व्यक्त केली, आणि तिथल्या तिथे फुफ्फुसांच्या रुग्णांसाठी नवा वॉर्ड बांधायचं ठरवूनही टाकलं. धुळीचा अभ्यासही प्रतिष्ठानच करील, म्हणाले. वॉर्डला तुमच्या वडिलांचं नाव देऊ, आणि वॉर्डाच्या प्रमुख तुम्ही.

त्या घरी आल्या त्या तरंगतच. वहिनीचे डोळे भरून आले. बाबांचं नाव दगडात कोरलं जाणार म्हणून दादा इतका खूश झाला की हसताहसता त्याला ढास लागली. ढास थांबेपर्यंत आत्यानं वाट पाहिली.

"सगळं छान झालं," ती म्हणाली. "शेडमध्ये पाणी कधी सोडणार आहेत?"

धाकटे मालक वॉर्डाबद्दल बोलले होते, खाटांबद्दल बोलले होते, नावाबद्दल बोलले होते. पाण्याचा शब्द त्यांच्या तोंडून निघाला नव्हता. आजारी पडायची सोय तशीच ठेवून झोपायची सोय करायला ते निघाले होते! अभ्यासही तेच करणार होते. चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या म्हणतात, त्या याच.

डॉक्टरीणबाईंनी ठरवलं, की एक्स-रे घेऊन सरकारच्या कारखाना निरीक्षकाकडे जायचं. दादा भडकला. ज्यांनी तुला शिकवलं त्यांच्यावर उलटतेस, लोक आपल्या तोंडात शेण घालतील, असं बरंच बोलला. बोलताबोलता त्याला धाप लागली आणि तो भिंतीला धरून खाली बसला. बहीण त्याच्या शेजारी जमिनीवर बसली.

"उपकार माझ्यावर झाले, दादा," ती म्हणाली. "फेडतोयस तू. तुझा श्वास देऊन. मला हे शिक्षण इतकं महाग नको होतं रे." आणि ती लहानपणी रडायची तशी रडली.

दादानं तिच्या डोक्यावर हात ठेवला.

वॉर्डाच्या पायाभरणीला सगळं गाव लोटलं. तोवर डॉक्टरीणबाईंची तक्रार जाऊन पोचली होती, पण निरीक्षकाची नुसती तारीख पे तारीख चालली होती. धाकट्या मालकांनी भाषण केलं, टाळ्या झाल्या. मग कामगारांच्या वतीनं दोन शब्द बोलायला त्यांनी मोठ्या मायेनं दादाला पुढे बोलावलं. दादासारखा मिठाला जागणारा माणूस त्यांना दुसरा सापडला नसता. व्यासपीठाच्या चार पायऱ्या चढून तो वर गेला आणि माइकला धरून उभा राहिला. त्याचा श्वास सगळ्या मैदानाला ऐकू येत होता.

"मालक, तुमचे उपकार..." तो म्हणाला आणि थांबला. श्वास घेतला. "उपकार आहेतच. पण आम्हाला वॉर्ड नको." पुन्हा थांबला. "पाणी द्या."

पुढे तो काही बोललाच नाही, बोलण्याइतकी हवा त्याच्या छातीत नव्हती. पण मैदानात मागे कुणीतरी तेच दोन शब्द म्हटले, मग दुसऱ्यानं म्हटले, आणि ज्या बायका नवऱ्यांचे खिसे हुंगत होत्या त्यांनी तर सगळ्यात मोठ्यानं म्हटले. धाकट्या मालकांनी कुदळ खाली ठेवली.

आता शेडमध्ये पाणी सुरू आहे. निरीक्षक उशिरा का होईना, आला. ते सुखासुखी झालं नाही. डॉक्टरीणबाईंची नोकरी गेली आणि त्यांनी दोन खोल्यांत स्वतःचा दवाखाना थाटला. दादाच्या छातीतला दगड मात्र कुठल्याच पाण्यानं धुतला जाणार नाही. तो जिन्यात अजूनही मधल्या पायरीवर बसतो.

तेव्हा नागरिकहो, कुणी दवाखाना दिला तर घ्या, शाळा दिली तर मुलं पाठवा, देणाऱ्याला हात जोडा. पण हात जोडताना तोंड बांधून घेऊ नका. दान देणाऱ्याला प्रश्न विचारणं हा कृतघ्नपणा नव्हे. तो विचारायचा राहिला, की त्याची किंमत कुणीतरी मोजतच असतं, आणि बहुतेक वेळा ते माणूस आपल्याच घरात खोकत असतं.