न उचललेली घटका

मांडवीच्या खाली, खाडीच्या तोंडाशी दर्यावर्दी खारव्यांची पन्नासेक घरं होती आणि ती सगळी घटकापंथी. त्यांच्या देवळात मूर्ती नव्हती. पाण्यानं भरलेलं तांब्याचं घंगाळ आणि त्यावर तरंगणारी, बुडाला बारीक भोक असलेली वाटी, एवढंच. वाटी भरली की बुडायची. पाळीवर बसलेल्यानं ती वर काढायची, "गेली ती त्याची, आली ती आपली" म्हणायचं आणि पुन्हा पाण्यावर सोडायची. वेळ आपणहून पुढे सरकत नाही, त्याला माणसाचा हात लागतो, अशी या लोकांची श्रद्धा. भूकंपात देवळाची एक भिंत ढासळली, तेव्हाही वाटी चुकली नव्हती.

चुकली ती नानबाईच्या हातून.

नानबाईनं पन्नाशी ओलांडली होती. नवरा समुद्रानं नेलेला, मुलगा लखमण गलबतावर मस्कतला. घरात ती आणि पोटुशी सून जेतबाई. दुपारची पाळी वीस वर्षं नानबाईची होती. भादव्यातली ती दुपार. वाटी अर्धी भरली होती आणि भिंतीपलीकडून जेतबाईची किंकाळी आली. दिवस भरायला अजून महिना होता. नानबाईनं पुढच्या पाळीच्या रतनबाईला दोनदा हाक मारली. ओ आली नाही. दुसऱ्या किंकाळीला ती उठली.

मूल पायाळू येत होतं. सुईण मुंद्र्याला गेलेली. नानबाईनं आजवर शेळ्या सोडवल्या होत्या, बाई कधी नाही. मूल बाहेर आलं तेव्हा निळं होतं, गळ्याला नाळेचे दोन वेढे. तिनं वेढे काढले, तोंडात फुंकर घातली, पाठीवर थापट्या मारल्या. किती तरी वेळानं पोर रडली. मुलगी होती.

मग तिला वाटी आठवली.

देवळात चिटपाखरू नव्हतं. वाटी तळाशी जाऊन बसली होती. तिनं ती काढली, शब्द म्हटले, पाण्यावर सोडली. रतनबाई आली तेव्हा नानबाई आपल्या जागेवर होती. वाटी चुकल्याचं तिनं रतनबाईला सांगितलं नाही.

दुसऱ्या दिवसापासून घराला सोयर, म्हणून तिची पाळी रतनबाईकडे गेली. चौथ्या दिवशी रतनबाई उंबऱ्याबाहेर येऊन उभी राहिली.

"काय गं, सुनेचं दुखणं अजून थांबलं नाही? रोज दुपारी ओरडते."

जेतबाई आत बसून गुळाची सुखडी खात होती. ती हसली. "मी कशाला ओरडू, मावशी? पोर माझ्या वाटचं ओरडतेच आहे."

रतनबाई हसली नाही. नानबाईला अंगणात ओढून हळूच म्हणाली, "मी नाही बसायची आता. त्या एका घटकेला माझ्या मांडीत कोणीतरी बसलेलं असतं. गारढोण."

दुसऱ्या दुपारी नानबाई देवळाच्या दाराशी जाऊन उभी राहिली. सोयर होतं, आत पाऊल टाकायचं नव्हतं. किंकाळी आली, जेतबाईचीच, तीच. रतनबाई घाईनं उठून बाजूला झाली. पण जागा रिकामी झाली नाही. घंगाळापाशी दाराकडे पाठ करून एक बाई बसली होती. डोक्यावरच्या ओढणीला नानबाईनं आपल्या ओढणीला लावलेलं तेच ठिगळ होतं. बाईची मान भिंतीकडे वळलेली, कान तिकडे. ती उठत मात्र नव्हती.

सोयर फिटल्यावर नानबाई मावजी भगताकडे गेली. पंथात त्याच्याहून वडील कोणी नव्हतं. तो बशीतून चहा पीत होता. तिनं सगळं सांगितलं.

"लपवलंस का, असं नाही विचारत," भगत म्हणाला. "न उचललेली घटका जात नाही, पोरी. तिथंच राहते, शिळी होते. आजा सांगायचा. जिची घटका, तिनंच त्यात बसून उचलायची."

"म्हणजे काय करू?"

"ती बसते तिथं बस. वाटी बुडाली की काढ."

"आणि ओरडणं ऐकू आलं तर?"

"ऐकू येणारच. उठायचं नाही."

"भगतबापा, मी उठले नाही, तर पोरीच्या गळ्याचे वेढे कोण काढणार?"

भगतानं बशी खाली ठेवली. "झालं ते झालेलं असतं. बहुतेक."

"बहुतेक?"

"आजवर कोणी करून पाहिलेलं नाही," तो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी ती बसली. सगळा गाव तिच्याकडे आस लावून आहे, हे तिला ठाऊक होतं. अर्ध्या वाटीला मांडी गार पडली, मग सगळं अंग. किंकाळी आली. तिनं दात आवळले. पलीकडे घरात नात कधीची किरकिरत होती, रोजच्यासारखी भुकेनं. दुसरी किंकाळी आली. वाटीच्या काठावरून पाणी आत यायला बोटभर उरलं होतं. तेवढ्यात किरकिर थांबली. हळूहळू नाही, मध्येच तुटल्यासारखी.

नानबाई उठली. दुसऱ्यांदा.

घरात जेतबाई पोरीला हलवत होती. पोर निळी पडली होती. नानबाईचा पाय उंबऱ्याच्या आत पडला आणि पोरीनं श्वास घेतला. गळ्यावर दोन तांबडे वळ होते. ते संध्याकाळपर्यंत राहिले.

पंथाची बैठक बसली. धरमशी खलाशी तिरकस बोलला, "एका पोरीपायी साऱ्या गावानं शिळी घटका वागवायची का?"

"माझ्या जागी तू बसला असतास?" नानबाई म्हणाली. "घरी आपल्या नातवाकडे एकदा बघून ये, मग सांग."

शेवटी भगतानं ठरवलं: त्या घटकेपुरतं देवळाचं दार ओढून घ्यायचं, ती सरली की दार उघडून वाटी काढायची. नानबाईची पाळी गेली. काही घरांनी पंथ सोडला, त्यांना कोणी बोल लावला नाही. मुलीचं नाव जिवी ठेवलं.

वर्षं गेली. नानबाईचे केस पांढरे झाले. दार ओढून घ्यायचं काम रतनबाईकडे होतं, म्हणून आतलं तिलाच दिसे. आतल्या बाईचे केस काळेच होते. पण जिवी सात वर्षांची झाली तेव्हा एके दिवशी रतनबाई म्हणाली, "सांगू की नको, कळत नाही. आधी तिचा हात मांडीवर असायचा. आता घंगाळाच्या काठावर आलाय."

त्या दिवसापासून नानबाई रोज दुपारी बंद दाराबाहेर पायरीवर बसू लागली. किंकाळी आली की दाराला पाठ लावून आतल्या बाईशी बोलायची. जिवीनं आज काय खाल्लं, कोणाशी भांडली, खाडीत पोहायला कशी शिकतेय. शेजारणीशी बोलावं तशा आवाजात.

"तू उठू शकत नाहीस, ठाऊक आहे मला," ती म्हणायची. "मी गेले ना तिकडे. तू फक्त हात आवर, बाई. वाटी नको उचलूस, नाहीतर माझं जाणंच पुसलं जाईल."

आतून वाटी बुडाल्याचा आवाज तेवढा येई, आणि मग नानबाई कान देऊन बसे, पाण्यात आणखी काही हलतंय का ते ऐकत.