भैयालालची खिडकी

वंदनानं स्कूटर फाटकाशी लावली, वर पाहिलं आणि कपाळावर हात मारला. खिडकी पुन्हा आली होती.

काल जाताना तिनं स्वतः हात फिरवून ती भिंत सपाट केली होती. आणि आता तिथं कोहका वस्तीतल्या गल्लीवर उघडणारी ऐसपैस खिडकी!

वंदना बोलमिस्त्री होती. त्या भिलाईत लोखंड भट्टीत वितळायचं, पण घरं बोलून उभी राहायची. मिस्त्रीनं ओल्या मातीवर तळहात ठेवून सांगायचं, इथं कोपरा घे, इथं दार सोड, की माती तशी चढायची. त्रास एकच. वाळेपर्यंत भिंत घरातल्या माणसांचंही ऐकायची. म्हणून वंदना काम धरतानाच बजावायची, काय पाहिजे ते आधी आपसात ठरवा, मग भिंतीपुढं तोंड उघडा.

भैयालाल आणि त्यांच्या बायकोनं, शीलाबाईंनी, तेव्हा मुकाट मान डोलावली होती. भैयालाल स्टील प्लांटमधून रिटायर झाले आणि सेक्टरमधलं प्लांटचं क्वार्टर सोडून दोघं इथं आले. माडीवर एक खोली चढवायची, एवढंच काम. पण ते संपेल तर शपथ!

वंदना तणतणत जिना चढली. दोघं वरच होते.

"काकूजी, हे काय होय?"

"मी काही नाही बोलली, बाई. मले तं खिडकीच नाही पाह्यजे. प्लांटची धूळ पुसू पुसू हात झिजले माह्ये."

एवढं ऐकताच खिडकी चारी बाजूंनी आकसू लागली.

"अवं, राहू दे ना तिले!" भैयालाल कळवळून ओरडले. खिडकी परत रुंदावली.

"काकाजी! म्हणजे तुमीच रोज इथं येऊन बोलून राहिले!"

भैयालालनी मान खाली घातली. "क्वार्टरची खिडकी रोडवर होती. ड्यूटीवर जानारे हाक मारत जायचे. इथं कोनी हाक मारत नाही मले."

"आन् मी?" शीलाबाई भडकल्या. "मी दिवसभर हाका मारतो, त्या ऐकू नाही येत? खिडकीत बसले का हा मानूस घरातच नसते, वंदना."

खिडकी लहान-मोठी, लहान-मोठी होऊ लागली. वरून मातीची ढेकळं पडली, एक थेट वंदनाच्या डोक्यावर. तिचा संयम संपला.

"भिंतीशी काहून बोलता? एकमेकाईशी बोला ना! जा खाली, अंगनात. ठरवल्याशिवाय वर यायचं नाही!"

दोघं गुपचूप उतरले. वंदना केसांतली माती झटकत बसून राहिली. खालून आधी भांडण ऐकू आलं, मग शीलाबाईंचं रडणं. मग भैयालालचा आवाज, हळू, काहीतरी समजावणारा. स्टोव्ह पेटला. चहा झाला. वंदनाला कोणी विचारलं नाही.

शेवटी दोघं वर आले. खिडकी हवी, पण तिच्यापुढं दोघांना बसता येईल असा ओटाही हवा, आणि धूळ भैयालाल पुसणार.

"पक्कं?" वंदनानं भिंतीवर हात ठेवला आणि सांगू लागली. ओटा सुबक आला. खिडकीही येत होती, तेवढ्यात शीलाबाई पुटपुटल्या, "जरा लहानच बरी."

खिडकी एका बाजूनं दबली, आणि तशीच राहिली.

"आता मी हात लावनार नाही," वंदना म्हणाली. "तिरपी तं तिरपी."

दोघं तिरप्या खिडकीसमोर ओट्यावर टेकून पाहत होते. भैयालालना हसू येत होतं. वंदनाला मुळीच येत नव्हतं. ती खाली आली, स्कूटरला किक मारली, तेवढ्यात वरून शीलाबाईंची हाक आली.

"वंदना! आमी म्हनत होतो, जिना जरा तिकडून घेतला असता तं?"

वंदनानं मागं वळून पाहिलं नाही. गिअर टाकला आणि सरळ घरचा, वैशाली नगरचा रस्ता धरला.