मस्यो तारीदचा गुडघा

मित्रांनो, मला टोपली म्हणतात, पण भाजीपाला मी जन्मात पाहिलेला नाही. मी चित्रपटाच्या संकलनाच्या खोलीतली. चाकांवरची लाकडी चौकट, आत पांढरी कापडी झोळी आणि वर खिळ्यांची रांग. कापलेले फिल्मचे तुकडे त्या खिळ्यांना टांगतात आणि त्यांची लांब शेपटं झोळीत सोडतात. पॅरिसबाहेरच्या एका स्टुडिओच्या तळघरात माझी सारी हयात गेली.

माझी मालकीण युगेत बारांदों. तुकडे चिकटवायला आली आणि मुख्य संकलक झाली. "मादाम, तुम्ही सिनेमा वाचवलात," असं दिग्दर्शक तोंडभरून म्हणायचे आणि नटांबरोबर जेवायला निघून जायचे. युगेत मशीनशेजारीच पाव आणि चीज खायची. पडद्यावरच्या माणसांशी मात्र तिचा घरोबा होता. कोणाचा दात दुखतोय, कोणी कोणाशी अबोला धरलाय, तिला सगळं कळायचं. त्यांनी तिचं तोंडही पाहिलं नव्हतं.

त्यातला गास्तों तारीद तिचा लाडका. म्हातारा नट, छोट्या भूमिका करायचा. दृश्य संपेपर्यंत ताठ चालायचा. 'कट' झालं, की कॅमेरा थांबेपर्यंतच्या क्षणभरात त्याचा उजवा पाय लंगडायचा. युगेत बरोबर त्याच्या आधी कापायची आणि ते लंगडणं माझ्या खिळ्याला टांगायची. बाहेर कळलं असतं, तर त्याला कोणी दारात उभं केलं नसतं.

एकदा तो शेजारच्या खोलीत आवाज भरायला आला होता. युगेत मला ढकलत बोळातून चालली होती. तो समोर दिसला आणि घरच्या माणसाला विचारावं तसं तिने विचारलं, "मस्यो तारीद, गुडघा काय म्हणतोय?"

त्याचा चेहरा पडला. "कसला गुडघा? कोण बोललं तुम्हाला?"

"तुम्हीच की. तुमचे सिनेमे मीच जोडते. घाबरू नका हो, ते सगळं मी कापून टाकते. कोणालाही पत्ता नाही."

"तुम्हाला आहे ना, मादाम. तेवढं पुरे."

टोपी जराशी उचलून तो ताठ चालत निघून गेला.

राग निवळला की कॉफीला येईल, असं तिला वाटायचं. काही दिवस ती दोन कप विसळून ठेवायची. मग त्याच्या पुढच्या सिनेमाची रिळं आली. 'कट' झालं तरी तारीद जागचा हलला नाही. कॅमेरा बंद पडेपर्यंत तो हसत उभा राहिला. प्रत्येक दृश्यात तसंच. युगेतने मशीन बंद केलं.

"बघ," ती मला म्हणाली, "आता माझ्यापासूनही लपवतोय."

त्या सिनेमात त्याचं काही कापायला उरलंच नव्हतं. तिने फिल्म हाताळायचे हातमोजे काढले आणि माझ्या रिकाम्या खिळ्याला टांगले. मला फार वाईट वाटलं, पण टोपलीने काय बोलावं?

पुढे संगणक आले, युगेत निवृत्त झाली. मी जिन्याखाली पडून आहे, लोक माझ्यात ओल्या छत्र्या टाकतात. त्याचं मला काही नाही. पण मित्रांनो, तुमचं दुखणं पाहूनही ते पोटात ठेवणारं माणूस कधी भेटलं, तर त्याच्याकडे पाठ फिरवू नका. अशी माणसं फार एकटी असतात. निदान त्यांच्यासमोर तरी मोकळेपणी लंगडा.