पाणमांजराचं उजवं पाऊल

मी एक जुना ठसा आहे, मित्रांनो. पाणमांजराच्या उजव्या पुढच्या पावलाचा. पाणमांजर हे नावापुरतं मांजर. ते पाण्यात पोहतं, मासे खातं आणि काठावरच्या बिळात पिल्लं वाढवतं. मी मात्र प्लास्टरचा, त्यामुळे पाणी पाहिलं की मला धडकीच भरते!

एका सकाळी वनरक्षकांना ओढ्याच्या चिखलात ताजं पाऊल दिसलं. त्यांनी त्याभोवती पत्र्याचं कडं बसवलं, डब्यात प्लास्टर कालवलं आणि हळूच ओतलं. अर्ध्या तासाने माझा जन्म झाला. पाच बोटं तर उमटलीच, बोटांमधला पडदासुद्धा उमटला. माझ्या पाठीवर त्यांनी तारीख कोरली, पण जागा मुद्दाम लिहिली नाही. कातड्यासाठी शिकारी टपलेले असत. बिळांचा पत्ता त्यांना लागायला नको होता.

सुरुवातीला माझं फार कौतुक झालं. शाळेतली मुलं माझ्या बोटांवरून बोटं फिरवत. मी थोडा हुरळूनही गेलो होतो.

मग ओढ्याचे काठ सिमेंटने बांधायचं ठरलं. बैठकीत वनरक्षकांनी मला टेबलावर ठेवलं.

"साहेब, तिथं पाणमांजरं राहतात. काठ बांधलात तर बिळं गाडली जातील."

साहेबांनी मला उलटं करून पाहिलं. "तारीख आहे. जागा कुठाय?"

"शिकाऱ्यांच्या भीतीनं लिहिली नाही, साहेब."

"मग हे याच ओढ्यावरचं कशावरून?"

मला तोंड असतं तर ओरडून सांगितलं असतं. पण मी पडलो नुसतं पाऊल.

काठ बांधला गेला. मी कचेरीत कागद उडू नयेत म्हणून त्यांच्यावर पडून राहिलो. कधीतरी माझं एक बोट तुटलं, कोणाला पत्ताही नव्हता. फार एकटं वाटायचं. बाकीची तीन पावलं कुठे गेली असतील, हाच विचार मनात यायचा.

निवृत्त होताना वनरक्षकांनी मला मागून घेतलं. घरी बसून त्यांनी माझ्या पाठीवर ओढ्याचं नाव आणि मी सापडलो ते वळण कोरलं.

"बाबा, आता काय उपयोग?" त्यांची मुलगी म्हणाली.

ते उठले. मला पिशवीत घालून ओढ्यावर घेऊन गेले. सिमेंटच्या फटीशी ओंजळभर चिखल उरला होता. त्यांनी मला त्यात दाबलं आणि उचललं. पाऊल उमटलं, एक बोट कमी असलेलं. त्याच्या पुढेमागे दुसरं पाऊल नव्हतं.

मित्रांनो, जिथे अजून पावलं उमटतात, तो चिखल तसाच राहू द्या. मला सोबत हवी आहे. पण प्लास्टरची नको.